शंभर वाचले, साठ गेले

चवथीच्या आधीचा रविवार. फोंड्यातल्या एका सुपरमार्केटात महिन्याची आणि सणाची अशी दोन्ही खरेदी उरकली होती. नेवऱ्यांसाठी रवा, चण्याची डाळ, गूळ, खोबरेल, उदबत्त्या. काउंटरवरच्या मुलीने सगळं मशीनखालून सरकवलं आणि म्हणाली, "तेराशे बासष्ट. दीड हजारावर गेलात तर शंभर रुपयांचं कुपन लागतं." मागे रांग लागलेली. बायकोने माझ्याकडे पाहिलं, मी बाजूच्या फळीकडे. अठ्ठेचाळीसचं शेवयांचं पाकीट उचललं आणि एकशे बाराची फिनेलची बाटली. १,५२२ झाले. त्यातून शंभर गेले, १,४२२ भरले. बिलाच्या तळाला ठळक अक्षरांत छापून आलं: आज आपण १०० रुपये वाचवले!

घरी येऊन मोरीखालचं कपाट उघडलं तर तिथे फिनेलच्या दोन भरलेल्या बाटल्या आधीपासून उभ्या होत्या.

मी हायर सेकंडरीत फिजिक्स शिकवतो. १,४२२ मधून १,३६२ वजा केले की ६० उरतात, हे मला काउंटरवरही कळत होतं. म्हणजे वाचवले काही नाहीत, उलट साठ जास्त घालवले. तरी बाहेर पडताना आम्ही दोघंही खूश होतो. असं काही झालं की लोक म्हणतात, "आपल्या माणसांना गणितच येत नाही." मला ते पटत नाही. गणित येतं, पण काउंटरवर मन निराळं गणित मांडतं. खिसा वजाबाकी करतो आणि मन भागाकार. हा भागाकार मनात कुठून आला, त्याची गोष्ट मला फार आवडते. तेव्हा कुपनं थोडा वेळ बाजूला ठेवू.

जर्मनीत लायप्झिगला एर्न्स्ट वेबर नावाचे शरीरशास्त्राचे प्राध्यापक होते. दोन वजनांतला फरक माणसाच्या हाताला केव्हा कळतो, हे त्यांनी तपासलं आणि १८३४ मध्ये प्रसिद्ध केलं. फरक अमुक ग्रॅमचा झाला की कळतो, असं उत्तर येईल असं आपल्याला वाटतं. तसं ते आलं नाही. फरक कळायला तो मूळ वजनाच्या ठरावीक हिश्शाएवढा असावा लागतो. उचललेल्या वजनासाठी तो हिस्सा साधारण चाळिसातला एक.

घरचं उदाहरण घ्या. अर्ध्या किलोच्या पिशवीत पन्नास ग्रॅमचं लिंबू टाकलं तर हाताला लगेच समजतं, कारण तिथे साडेबारा ग्रॅमही पुरले असते. तेच लिंबू पंचवीस किलो उकड्या तांदळाच्या गोणीवर ठेवा. लिंबू सोडा, हिशेबाने तिथे सव्वासहाशे ग्रॅम लागतात. पसरकाराने, म्हणजे दुकानदाराने, अर्धा किलो कमी भरला तरी पाठीला पत्ता लागणार नाही. लिंबू तेच, हात तोच. बदललं ते फक्त खालचं वजन, म्हणजे भागाकारातला छेद.

पुढची उडी मारली गुस्ताव फेक्नर यांनी. तेही लायप्झिगचेच, आणि फिजिक्सचे, म्हणून माझा जीव त्यांच्यावर जरा जास्त. डोळ्यांवरच्या प्रयोगांपायी सूर्याकडे बघून बघून त्यांनी स्वतःचे डोळे बिघडवून घेतले आणि काही वर्षं जवळजवळ अंधारात काढली. २२ ऑक्टोबर १८५० च्या सकाळी अंथरुणात पडल्या पडल्या त्यांना एक कल्पना सुचली. जेमतेम जाणवणारा प्रत्येक फरक म्हणजे संवेदनेची एक पायरी, आणि सगळ्या पायऱ्या सारख्याच उंचीच्या, असं धरलं तर? मग दर पायरी चढताना बाहेरच्या वजनात ठरावीक ग्रॅमची भर पडत नाही, त्याला ठरावीक संख्येने गुणलं जातं. दहाचे वीस होताना जेवढ्या पायऱ्या, तेवढ्याच शंभरचे दोनशे होताना. बाहेर गुणाकार आणि आत बेरीज, असं जिथे होतं तिथे लघुगणक येतोच. लॉग टेबलं वापरली होतीत ना, तीच. १८६० मध्ये फेक्नर यांनी हे सगळं ग्रंथरूपाने मांडलं.

आता ताऱ्यांकडे बघा. जुन्या लोकांनी नुसत्या डोळ्यांनी बघून तेजाप्रमाणे ताऱ्यांच्या सहा प्रती पाडल्या होत्या. १८५६ मध्ये खगोलशास्त्रज्ञ पॉगसन यांनी ती मोजपट्टी नेमकी केली: पहिल्या प्रतीचा तारा सहाव्यापेक्षा शंभरपट तेजस्वी. डोळ्याला पाच पायऱ्या दिसतात, आकाशात शंभराचा गुणाकार असतो. आवाज मोजायचं डेसिबलही लॉगवरच चालतं. पण मी वाहवत चाललो. अकरावीच्या वर्गातही माझं असंच होतं.

पैशाचं काय? फेक्नर यांच्याही आधी, १७३८ मध्ये, गणितज्ञ डॅनियल बर्नुली यांनी म्हटलं होतं की मिळालेल्या रुपयाचं मोल गाठीला आधी किती आहे त्यावर ठरतं. भिकाऱ्याला हजार रुपये म्हणजे दिवाळी, खाणमालकाला ते दिसतही नाहीत. इथेही लॉगच. पण या मांडणीत एक मेख आहे आणि सगळी कुपनं तिथूनच आत शिरतात. बर्नुलींच्या हिशेबात छेद म्हणजे तुमची सगळी मिळकत. ती एका दुपारीत बदलत नाही. तेव्हा पाच रुपये मिठावर वाचले काय नि फ्रिजवर वाचले काय, मोल सारखंच यायला हवं.

ते तसं येत नाही, हे मानसशास्त्रज्ञ अमोस ट्वर्स्की आणि डॅनियल कानेमन यांनी १९८१ मध्ये दाखवलं. त्यांनी काही लोकांना विचारलं: तुम्ही १२५ डॉलरचा कोट आणि १५ डॉलरचा कॅल्क्युलेटर घ्यायला निघालात. दुकानदार सांगतो की गाडीने वीस मिनिटांवरच्या दुसऱ्या शाखेत तोच कॅल्क्युलेटर १० डॉलरला आहे. जाल? ६८ टक्के लोक जाऊ म्हणाले. दुसऱ्या गटाला किंमती उलट करून विचारलं: कोट १५ चा, कॅल्क्युलेटर १२५ चा, आणि पलीकडच्या शाखेत तो १२० ला. आता जायला तयार झाले २९ टक्के. एकूण खरेदी तीच, वाचणारे डॉलर तेच पाच, जाळायचं पेट्रोलही तेच.

लॉग टेबल काढा. १५ भागिले १० म्हणजे १.५, त्याचा लॉग ०.१७६. १२५ भागिले १२० चा लॉग ०.०१८. मनाच्या पायऱ्यांत मोजले तर पहिले पाच डॉलर दुसऱ्या पाचांच्या जवळजवळ दहापट उंच. लोकांची उत्तरं काही दहापट वेगळी नव्हती. माणूस म्हणजे तराजू नव्हे, आणि रुपया काही तळहातावर दाब देत नाही. वेबरचा नियम पैशाला तंतोतंत लागू होतो असा माझा दावा नाही. पण दिशा तीच आहे. मन छेदाला घेतं ती त्या एका वस्तूची किंमत. मिळकत तिथे कुणाला आठवत नाही.

म्हणूनच म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात वाट्यावर आणखी दोन मिरच्या पडाव्यात म्हणून आपण "आनी एक घाल गे" करत पाच मिनिटं उभे राहतो, आणि साठ हजारांचा फ्रिज घेताना पाचशे रुपये कमी करा म्हणायला लाज वाटते.

आता माझं बिल पुन्हा बघा. शंभर रुपये कशाच्या तुलनेत मोजायचे? १,५२२ च्या बिलात ते जेमतेम साडेसहा टक्के. पण रांगेत उभ्या माझ्या मनाने छेदाला घेतले ते शेवया आणि फिनेलचे एकशे साठ. एकशे साठचा माल साठात! साडेबासष्ट टक्के सूट! दीड हजाराची अट घालणाऱ्याने माझ्यासाठी छेद निवडून ठेवला होता. शेवया खाल्ल्या, त्यांचं दुःख नाही.

आपल्याकडे छेद आयता छापूनही मिळतो. एमआरपी म्हणजे जास्तीत जास्त किती घ्यायचे त्याची कायद्याने घातलेली मर्यादा. मालाची ती खरी किंमत असल्यासारखी आपण तिच्यावरून सूट मोजतो. छापणारा मात्र उत्पादकच असतो. वर आकडा चढवून ठेवायचा नि खाली वीस टक्के उतरवायचा, असंही करता येतं. टक्क्यांचे खेळही असेच. "५० टक्के जास्त" हे "३३ टक्के स्वस्त"च्याच बरोबरीचं, पण पन्नास मोठा वाटतो. "२० टक्के आणि वर १० टक्के" म्हणजे तीस नव्हे, अठ्ठावीस. आणि ९९ ची पट्टी तर सगळ्यांना ठाऊकच आहे. गंमत अशी की शंभराला एक रुपया चिकटवून १०१ केले की पाकीट शुभ होतं, आणि तोच एक रुपया काढला की वस्तू स्वस्त होते. इतकं काम करणारा दुसरा रुपया मी पाहिलेला नाही.

मग दुकानदार सरळ भावच का उतरवत नाही? कारण कुपनातली कटकट मुद्दाम ठेवलेली असते. कापायचं, जपायचं, तारीख बघायची, कोड टाकायचा. हे करायला ज्याला वेळ आहे आणि ज्याला चार पैशांनी फरक पडतो, त्याला स्वस्तात द्यायचं. ज्याला फिकीर नाही त्याच्याकडून पूर्ण भाव घ्यायचा. एकाच फळीवर दोन भाव, आणि कोण कुठल्या भावाचा ते गिऱ्हाईक आपणच सांगतं. अर्थशास्त्रज्ञ याला भावातला भेदभाव म्हणतात. अ‍ॅपमुळे कटकट कमी झाली. बदल्यात तुम्ही काय, कधी, किती घेता ते त्यांना कळतं.

कुपनं काढून टाकून रोज प्रामाणिक भाव ठेवला तर? अमेरिकेत जेसी पेनी या दुकानसाखळीने २०१२ मध्ये तेच केलं. मुख्यतः कपड्यांची दुकानं, पण धडा किराण्यालाही लागू पडतो. वर्षभरात विक्री सुमारे पाव हिश्शाने घसरली, एप्रिल २०१३ मध्ये प्रमुखाला जावं लागलं आणि कुपनं परत आली. अर्थशास्त्रज्ञ रिचर्ड थेलर यांनी १९८५ मध्येच सांगितलं होतं की खरेदीत दोन वेगळे आनंद असतात, एक वस्तूचा आणि एक सौद्याचा. पेनीने दुसरा काढून घेतला. माझ्या मोरीखालच्या तिसऱ्या बाटलीत पहिला नव्हताच, निव्वळ दुसरा होता.

एक सावधगिरी. "कुपन बघताच मेंदूत डोपामाईन उसळतं" असे व्हिडिओ फिरतात. डोपामाईन हे मेंदूतलं एक रसायन. मेंदूशास्त्रज्ञ वोल्फ्राम शुल्ट्झ यांच्या माकडांवरच्या प्रयोगांत डोपामाईनच्या पेशी अवचित मिळालेल्या रसाला दाद देत. रस येणार हे आधी कळायला लागलं की त्याच पेशी प्रत्यक्ष रसाच्या वेळी गप्प राहत. म्हणजे तो आनंदाचा काढा नाही, अंदाज किती चुकला याची नोंद आहे. तिथून थेट फोंड्याच्या काउंटरवर उडी मारणाऱ्यांना पत्रिकेतला शनी दाखवणाऱ्यांच्याच रांगेत बसवायला हवं. दुसरं, "एका गिऱ्हाइकाला बाराच डबे" अशी पाटी लावली की लोक सूपचे डबे जास्त उचलतात, हा १९९८ चा प्रयोग जिकडे तिकडे सांगितला जातो. त्याच्या मुख्य लेखकावर कॉर्नेल विद्यापीठाने २०१८ मध्ये संशोधनातल्या गैरवर्तनाचा ठपका ठेवला. तेव्हा त्यातले आकडे मी इथे देत नाही.

भागाकार टळत नसेल तर निदान बरोबर छेदाने करावा, म्हणून पाकिटावर आता एमआरपीशेजारी एककामागची किंमतही छापावी लागते. नियम बरा आहे. पण किलोच्या आतल्या पाकिटावर ती ग्रॅमला लिहितात, किलोच्या वरच्यावर किलोला. एकावर ०.२४, दुसऱ्यावर २३८. शिवाय दोनच दशांश स्थळं, म्हणजे ०.२४ हा आकडा किलोला २३५ पासून २४५ पर्यंत कुठलाही असू शकतो. नेमक्या तुलनेच्या जागीच दहा रुपयांचं धुकं. त्यातून मुंगीएवढी अक्षरं.

गेल्या महिन्यात अकरावीच्या मुलांना मी घरातली रिकामी पाकिटं आणायला सांगितली आणि तासभर नुसता भागाकार करून घेतला. एका मुलाने एकाच चहापत्तीची छोटं आणि मोठं अशी दोन पाकिटं आणली होती. मोठं ग्रॅमला महाग निघालं. दुसऱ्या दिवशी तो तोंड पाडून आला. घरी जाऊन त्याने आईला हिशेब दाखवला होता आणि तिने विचारलं होतं, "मग मोठ्याबरोबर फुकट आलेला डबा कशात धरलास?"