फ्रीक्वेंट फ्लायर योजना : पॉइंट, दर्जा आणि त्यांचा हिशेब

वारंवार विमानप्रवास करणाऱ्याच्या नावे खाते उघडून त्यात पॉइंट जमा करण्याची आणि त्यांच्या बदल्यात तिकीट, वरच्या वर्गातले आसन किंवा अन्य सवलत देण्याची विमानकंपन्यांची पद्धत. बोलण्यात ‘माइल्स’ हा शब्द रुळला आहे, पण आजच्या बहुतेक पॉइंटांचा मैलांशी काही संबंध उरलेला नाही. खात्यात दोन स्वतंत्र नोंदी चालतात आणि नवखे सभासद त्यांची नेहमी गल्लत करतात. एक नोंद खर्च करता येण्याजोग्या पॉइंटांची, दुसरी केवळ दर्जा (टियर) ठरवण्यासाठी मोजल्या जाणाऱ्या पॉइंटांची. पहिली शिल्लक पुढे नेता येते. दुसरी सामान्यतः योजनेचे वर्ष संपताच शून्यावर येते.

उगम : या पद्धतीचा जन्म कोणत्या कंपनीत झाला याविषयी एकमत नाही. खरेदीच्या प्रमाणात गिऱ्हाइकाला स्टँप द्यायचे आणि स्टँपांची वही भरली की वस्तू द्यायची, ही रीत अमेरिकेत स्पेरी अँड हचिन्सन कंपनीच्या हिरव्या स्टँपांपासून (१८९६) माहीत होती. विमानकंपन्यांनी ती उचलली, इथपर्यंत वाद नाही. वाद पुढचा आहे. काही संदर्भग्रंथ युनायटेड एअरलाइन्सने १९७० च्या दशकाच्या आरंभी नेहमीच्या प्रवाशांना दिलेल्या मानचिन्हांपर्यंत मागे जातात. काहींच्या मते टेक्सस इंटरनॅशनल या कंपनीने १९७९ च्या सुमारास अंतराच्या आधारे प्रवाशांची मोजदाद सुरू केली, म्हणून पहिलेपणाचा मान तिचा. वेस्टर्न एअरलाइन्सने १९८० मध्ये प्रवाशांना ५० डॉलरची कूपने दिली, तीही या मालिकेत धरली जातात. सर्वाधिक उल्लेख मात्र अमेरिकन एअरलाइन्सच्या ‘एअॅडव्हान्टेज’ योजनेचा होतो. ती १ मे १९८१ रोजी जाहीर झाली. युनायटेडने काही दिवसांतच ‘माइलेज प्लस’ आणली, आणि डेल्टा व टीडब्ल्यूए (ट्रान्स वर्ल्ड एअरलाइन्स) यांनीही त्याच वर्षी आपापल्या योजना काढल्या.

मत कोणते ग्राह्य धरायचे हे ‘योजना’ म्हणजे काय यावर ठरते. मानचिन्ह किंवा कूपन ही भेट झाली. चालू शिल्लक असलेले, वर्षानुवर्षे टिकणारे, कंपनीच्या संगणकात राहणारे खाते ही वेगळी गोष्ट आहे, आणि त्या अर्थाने १९८१ हे वर्ष धरणे अधिक सयुक्तिक वाटते. अमेरिकन एअरलाइन्सकडे ‘सेबर’ ही संगणकीय आरक्षण यंत्रणा होती. तिच्यात पुन्हा पुन्हा येणारे दूरध्वनी क्रमांक शोधून कंपनीने आपले नेहमीचे प्रवासी निवडले आणि त्यांना आपणहून सभासद करून घेतले. मूळ कल्पना निष्ठावंतांसाठी खास भाडे ठेवण्याची होती. रॉबर्ट क्रँडॉल यांच्या नेतृत्वाखालच्या विपणन विभागाने तिचे फुकट तिकिटांच्या योजनेत रूपांतर केले. या सगळ्याची निकड १९७८ च्या विमान वाहतूक विनियंत्रण कायद्यामुळे निर्माण झाली होती. त्यापूर्वी भाडी आणि मार्ग सरकार ठरवी. कायद्यानंतर कोणीही कोणत्याही मार्गावर स्वस्तात उडू लागला, आणि प्रवाशाला बांधून ठेवायला भाड्याखेरीज काहीतरी हवे झाले.

मैल आणि त्याची मोजणी : वैमानिक व हवाई नियंत्रक सागरी मैल (१.८५२ किमी) वापरतात. योजनांनी मात्र पहिल्यापासून साधा मैल (१.६०९ किमी) धरला. प्रवाशाला तोच ओळखीचा, शिवाय आकडाही मोठा दिसतो. मुंबई–दिल्ली हे अंतर साध्या मैलात सुमारे ७१० भरते, सागरी मैलात ६१५ च्या आसपास. मोजले जाते ते पृथ्वीच्या गोलावरील दोन विमानतळांमधले सर्वांत छोटे अंतर, म्हणजे बृहद्‌वृत्तावरचे. विमान दिल्लीवर पाऊण तास घिरट्या घालत राहिले तरी खात्यात एकही मैल वाढत नाही.

या अंतराला पुढे भाडेवर्गाचा गुणक लागतो. ई-तिकिटावर आसनवर्गाच्या शेजारी एक रोमन अक्षर छापलेले असते आणि बहुतेक प्रवाशांची नजर त्यावरून घसरते. हिशेबाची किल्ली तेच अक्षर. एकाच इकॉनॉमी कक्षात शेजारी बसलेल्या दोघांची अक्षरे वेगळी असू शकतात. एकाला अंतराच्या शंभर टक्के पॉइंट मिळतात, दुसऱ्याला पंचवीस टक्के, आणि अगदी स्वस्तातल्या तिकिटाला कधी काहीच नाही. सहयोगी कंपनीच्या विमानाने गेल्यास गुणकाचा तक्ता पुन्हा बदलतो. म्हणून सराईत सभासद तिकीट काढण्यापूर्वी कोणत्या योजनेत पॉइंट जमा करायचे हे ठरवतात: तेच उड्डाण एका योजनेत चौपट मोलाचे ठरू शकते. हे शक्य होते ते कंपन्यांच्या संघांमुळे. स्टार अलायन्स (१९९७), वनवर्ल्ड (१९९९) आणि स्कायटीम (२०००) हे त्यांतले प्रमुख.

अंतराची पद्धत आता बऱ्याच ठिकाणी मागे पडली आहे. लांबच्या मार्गावर स्वस्त तिकीट काढणाऱ्याला अधिक आणि आयत्या वेळी महाग तिकीट घेणाऱ्याला कमी, हे कंपन्यांना परवडेना. साउथवेस्टने २०११ मध्ये, डेल्टा व युनायटेडने २०१५ मध्ये आणि अमेरिकन एअरलाइन्सने २०१६ मध्ये खर्चाच्या प्रमाणात पॉइंट द्यायला सुरुवात केली. ब्रिटिश एअरवेजने २०२३ मध्ये तेच केले.

पॉइंटाचे मोल : रूढ सूत्र सोपे आहे. तिकिटाच्या रोख किमतीतून पॉइंट-तिकिटावरही भरावे लागणारे कर व अधिभार वजा करायचे आणि उरलेल्या रकमेला लागणाऱ्या पॉइंटांनी भागायचे. समजा मुंबई–लंडन एकेरी इकॉनॉमी तिकीट रोखीने ४२,००० रुपयांना आहे. तेच ३०,००० पॉइंट आणि १२,००० रुपये भरून मिळते. एका पॉइंटाचे मोल बरोबर एक रुपया आले. पण रोख तिकीट काढले असते तर त्यावर नवे पॉइंट मिळाले असते, समजा २,०००. पॉइंट वापरल्याने ते बुडतात, म्हणून भाजक ३२,००० धरला पाहिजे. मोल ९४ पैशांवर येते. ही दुरुस्ती बहुतेक जण विसरतात.

खरी अडचण बिझनेस वर्गात येते. रोख किंमत १,८०,००० रुपये, पॉइंटांत ७५,००० आणि वर ३०,००० रुपये असे धरले तर मोल दोन रुपये दिसते, इकॉनॉमीच्या दुप्पट. पॉइंट नेहमी बिझनेससाठीच खर्चावेत हा सल्ला या भागाकारातून येतो. मात्र त्या प्रवाशाने खिशातून १,८०,००० कधीच दिले नसते. या आसनासाठी तो फार तर ९०,००० मोजायला तयार असेल, तर त्याच्यापुरते मोल (९०,००० उणे ३०,०००) भागिले ७५,०००, म्हणजे ८० पैसे, इकॉनॉमीहून कमी. छापील किमतीवरून काढलेले मोल आणि प्रवाशाच्या स्वतःच्या गरजेवरून काढलेले मोल यांत कोणते खरे, यावर जाणकारांत दोन तट आहेत. पहिले तुलनेला सोयीचे. घरच्या जमाखर्चात धरायचे तर दुसरेच धरावे.

पूर्वी कंपन्या पुरस्कार-तिकिटांचे ठरलेले तक्ते छापत. अमुक खंडातून तमुक खंडात इतके पॉइंट. तक्त्यातल्या विसंगती शोधून काढणे हा अनेकांचा छंदच होता. डेल्टाने २०१५ मध्ये आणि युनायटेडने २०१९ मध्ये आपल्या विमानांपुरते असे तक्ते काढून टाकले. जिथे पॉइंटांची किंमत रोख भाड्याबरोबर वरखाली होते, तिथे मोल एका अरुंद पट्ट्यात अडकते आणि चतुराईला वाव कमी राहतो.

दर्जा : दर्जाचा हिशेब रुपयांत मांडणे अधिक अवघड, कारण त्याचे फायदे वापरले तरच मोलाचे. लाउंजमधला नाश्ता, चेक-इनची वेगळी रांग, आधी विमानात चढण्याची मुभा यांची किंमत प्रत्येक जण वेगळी लावील. त्यातल्या त्यात निर्विवाद मोजता येणारा लाभ सामानाचा. स्टार अलायन्सच्या गोल्ड सभासदाला जिथे वजन मोजतात तिथे २० किलो आणि जिथे नग मोजतात तिथे एक बॅग जादा नेता येते. पुण्याहून न्यू जर्सीला लेकीकडे निघालेल्या आईबाबांच्या घरी वजनकाट्यावर बॅग ठेवून, गोडा मसाला राहू द्यायचा की भाजणी, हा वाद ज्यांनी पाहिला आहे त्यांना या एका ओळीचे मोल समजावून सांगावे लागत नाही. जादा बॅगेचे शुल्क गुणिले वर्षातल्या फेऱ्या, इतका तो सरळ हिशेब आहे.

दर्जासाठी थोडे पॉइंट कमी पडत असतील तर वर्षअखेरीस निव्वळ त्यासाठीच विमानप्रवास करण्याला ‘माइलेज रन’ म्हणतात. उतरायचे, विमानतळावरच चहा घ्यायचा आणि परतीच्या विमानात बसायचे. अंतर मोजले जाई तोवर लांब, वळसेदार आणि स्वस्त तिकिटांमुळे हे फायद्याचे ठरे. १ एप्रिल २०२५ पासून ब्रिटिश एअरवेजच्या योजनेत पात्र खर्चाच्या दर पौंडाला एक दर्जा-पॉइंट मिळतो आणि ब्राँझसाठी ३,५००, सिल्व्हरसाठी ७,५०० व गोल्डसाठी २०,००० पॉइंट लागतात. अशा योजनेत वळसा घालून काही साधत नाही. अमेरिकन एअरलाइन्सने २०२२ पासून वेगळी वाट धरली. तिथे सहयोगी क्रेडिट कार्डावरचा खर्चही दर्जासाठी मोजला जातो, त्यामुळे विमानात फारसे न बसताही दर्जा मिळवता येतो. ‘फ्रीक्वेंट फ्लायर’ या शब्दांचा अर्थ तिथे जवळजवळ संपलाच.

विमानाबाहेरची कमाई : सिटीबँकेने १९८७ मध्ये अमेरिकन एअरलाइन्ससोबत कार्ड काढले, तेव्हापासून पॉइंटांचा मोठा ओघ बँकांकडून येऊ लागला. बँक कंपनीकडून पॉइंट घाऊक विकत घेते आणि कार्डधारकाला वाटते. या वाटपातल्या फटी शोधणाऱ्यांच्या कथा पुष्कळ, दोन नोंदवण्याजोग्या. १९९९ मध्ये कॅलिफोर्नियातल्या एका अभियंत्याने वेष्टनावर माइल्स देणाऱ्या पुडिंगचे सुमारे १२,००० कप तीन हजार डॉलरच्या आसपास खर्चून घेतले आणि बारा लाखांहून अधिक माइल्स मिळवले. दुसरी कथा अमेरिकी टांकसाळीची. एक डॉलरची नाणी चलनात यावीत म्हणून ती दर्शनी किमतीला, टपालखर्च न घेता घरपोच मिळत. लोक ती क्रेडिट कार्डावर मागवून थेट बँकेत भरत आणि माइल्स ठेवून घेत. टांकसाळीने २०११ मध्ये त्या विक्रीसाठी कार्ड घेणे बंद केले.

कंपनीच्या ताळेबंदात न वापरलेले पॉइंट हे देणे असते. भारतात इंड एएस ११५ या महसूल-नोंदणीच्या लेखामानकानुसार (२०१८ पासून) तिकिटाच्या किमतीतला पॉइंटांचा वाटा लगेच उत्पन्न म्हणून दाखवता येत नाही. पॉइंट वापरले जाईपर्यंत तो पुढे ढकलावा लागतो. किती पॉइंट कधीच वापरले जाणार नाहीत याचाही अंदाज धरतात, आणि नफ्याचा एक भाग या विसराळूपणातून येतो. २०२० मध्ये विमाने जमिनीवर असताना युनायटेडने आपली योजना तारण ठेवून ६.८ अब्ज डॉलर उभे केले. तारणाचे मूल्यांकन सुमारे २२ अब्ज डॉलर होते, शेअर बाजारातल्या अख्ख्या कंपनीच्या तेव्हाच्या किमतीहून जास्त.

कायदेशीर स्वरूप : पॉइंट सभासदाच्या मालकीचे नाहीत, असे बहुतेक योजनांच्या अटींत लिहिलेले असते. अमेरिकन एअरलाइन्सने १९८८ मध्ये आधी जमलेल्या माइल्सनाही नवे नियम लावले. त्या वादात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये करारभंगाचा दावा चालू शकतो असे म्हटले, पण राज्याच्या ग्राहक कायद्याचा आधार नाकारला. २०१४ च्या नॉर्थवेस्ट विरुद्ध गिन्सबर्ग या खटल्यात, वारंवार तक्रारी केल्याच्या कारणावरून सभासदत्व रद्द झालेल्या प्रवाशाचा सद्‌भावनेच्या तत्त्वावरचा दावा न्यायालयाने एकमताने फेटाळला. कार्यालयाच्या पैशाने झालेल्या प्रवासाचे पॉइंट कोणाचे, हा वेगळा प्रश्न. जर्मनीत २००२ मध्ये सरकारी प्रवासाचे माइल्स खासगी सहलीस वापरल्यावरून बर्लिनचे मंत्री ग्रेगोर गिझी यांनी पद सोडले. भारत सरकारच्या नियमांनुसार असे पॉइंट कर्मचाऱ्याने सरकारी कामाच्या प्रवासासाठीच वापरायचे असतात. नॉर्वेने २००२ ते २०१३ या काळात देशांतर्गत उड्डाणांवर पॉइंट देण्यास मनाई केली होती, आधी एका कंपनीला आणि पुढे सर्वांना.

भारत : एअर इंडिया व इंडियन एअरलाइन्स यांची ‘फ्लाइंग रिटर्न्स’ (१९९४) ही येथील आद्य योजना. मुंबईच्या जेट एअरवेजची ‘जेटप्रिव्हिलेज’ व किंगफिशरची ‘किंग क्लब’ या तिच्या स्पर्धक. किंगफिशर २०१२ मध्ये थांबली आणि किंग क्लबच्या पॉइंटांना विमानच उरले नाही. जेट १७ एप्रिल २०१९ रोजी थांबली, पण तिची योजना अबू धाबीच्या एतिहाद विमानकंपनीचा मोठा वाटा असलेल्या स्वतंत्र कंपनीकडे होती. त्यामुळे माइल्स वाचले आणि त्याच वर्षी योजनेचे नाव ‘इंटरमाइल्स’ झाले. २००६ पासून उडणाऱ्या इंडिगोने अठरा वर्षे अशी योजना चालवलीच नाही. ‘ब्लूचिप’ २०२४ मध्ये आली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये एअर इंडियाने खर्चाधारित पद्धत स्वीकारली. १२ नोव्हेंबरला विस्तारा तिच्यात विलीन होऊन ‘क्लब विस्तारा’चे सभासद तिच्या योजनेत आले, आणि योजनेला ‘महाराजा क्लब’ हे नाव मिळाले. हे नाव पूर्वी फ्लाइंग रिटर्न्सच्या सर्वोच्च दर्जाचे होते. ज्या महाराजावरून, म्हणजे एअर इंडियाच्या बोधचिन्हावरून, ते आले, तो १९४६ मध्ये कंपनीचे अधिकारी बॉबी कूका आणि चित्रकार उमेश राव यांनी घडवला. आज ते नाव सर्वांत खालच्या, लाल दर्जाच्या सभासदालाही मिळते.