फरक एका कान्याचा: कुरआनपठणातल्या भेदांची पार्श्वभूमी

रत्नागिरीतल्या मशिदीत इमाम सूरह फातिहा, म्हणजे कुरआनाचा पहिला अध्याय, म्हणतात तेव्हा ‘मालिकि यौमिद्दीन’ असं ऐकू येतं. मोरोक्कोतल्या फेज शहरात तीच ओळ ‘मलिकि यौमिद्दीन’ अशी म्हणतात. फरक एका कान्याचा. ‘मा’ म्हटलं की अर्थ होतो ‘न्यायाच्या दिवसाचा धनी’, ‘म’ म्हटलं की ‘न्यायाच्या दिवसाचा राजा’. आणि यातलं एकही पठण चुकीचं मानलं जात नाही.

पाठभेद म्हटले की मराठी वाचकाला ज्ञानेश्वरी आठवते. नकला करताना अपपाठ शिरले आणि शके १५०६ मध्ये एकनाथांनी पोथी शुद्ध केली. कुरआनाला हा हिशेब लावून चालत नाही. इथे अनेक भेद अपपाठ म्हणून काढले गेले नाहीत. उलट ते गुरूकडून शिष्याकडे जपत आणले गेले, ज्याच्या त्याच्या नावाने ओळखले गेले आणि त्यांचं एक शास्त्रच उभं राहिलं. त्याला ‘किराअत’ म्हणतात.

या परंपरेच्या मुळाशी एक हदीस, म्हणजे पैगंबरांची आठवण सांगणारी नोंद, सांगितली जाते. पैगंबरांचे सहकारी हजरत उमर यांनी दुसरे सहकारी हिशाम बिन हकीम यांना नमाजात सूरह फुरकान म्हणताना ऐकलं. शब्द वेगळे लागले. नमाज संपेपर्यंत उमर यांनी कसाबसा दम धरला, मग हिशामना त्यांच्याच चादरीने धरून पैगंबरांसमोर नेलं. पैगंबरांनी आधी हिशामना सोडायला लावलं, म्हणून दाखवायला सांगितलं आणि म्हणाले, असंच उतरलं आहे. मग उमर यांच्याकडून ऐकलं आणि तेच म्हणाले. कुरआन सात ‘हर्फां’त उतरलं आहे, सोपं जाईल तसं म्हणा, असं त्यांनी पुढे सांगितल्याची नोंद आहे. हे सात हर्फ म्हणजे नेमकं काय, बोली की शब्द की उच्चार, यावर विद्वानांनी शेकडो वर्षं वाद घातला आहे.

पैगंबरांच्या निधनानंतर यमामाच्या लढाईत अनेक पाठक मारले गेले. तेव्हा खजुराच्या झावळ्यांवर, दगडी पाट्यांवर आणि लोकांच्या स्मरणात असलेला मजकूर पैगंबरांचे लेखनिक जैद बिन साबित यांनी गोळा केला, असं परंपरा सांगते. पुढे इ.स. ६५० च्या सुमारास तिसरे खलिफा उस्मान यांच्या कानावर आलं की आर्मेनिया-अझरबैजानच्या मोहिमेत सीरियाचे आणि इराकचे सैनिक पठणावरून भांडत आहेत. त्यांनी एक प्रत प्रमाण ठरवली, तिच्या नकला मोठ्या शहरांना पाठवल्या आणि बाकीच्या जाळायला सांगितल्या.

भांडण मात्र तेवढ्याने मिटलं नाही. कारण लिपीत होतं. त्या काळच्या अरबी लिखाणात जेर-जबर, म्हणजे स्वरांच्या खुणा, नव्हते, अक्षरं ओळखायचे नुक्ते (ठिपके) हेही क्वचित. म, ल, क एवढंच लिहिलेलं. काना द्यायचा की नाही हे कागद सांगत नव्हता, गुरू सांगत होता. आजही हिफ्ज करणारा, म्हणजे कुरआन पाठ करणारा, मुलगा उस्तादासमोर बसून सबक (धडा) ऐकवतो, नुसतं पुस्तक वाचून कोणी कारी (पठणकार) होत नाही. त्याची मुळं इथे आहेत.

दहाव्या शतकापर्यंत पठणाच्या पद्धती भरमसाट झाल्या होत्या. बगदादच्या इब्न मुजाहिद यांनी त्यातल्या सात निवडल्या: मदिनेचे नाफे, मक्केचे इब्न कसीर, बसऱ्याचे अबू अम्र, दमास्कसचे इब्न आमिर आणि कूफ्याचे तिघे, आसिम, हमजा व किसाई. निवड नुसती पुस्तकात राहिली नाही, तिच्यामागे सत्ता उभी राहिली. इब्न मिकसम यांचं म्हणणं होतं की लिपीत आणि व्याकरणात बसेल ते वाचन चालावं, गुरुपरंपरा नसली तरी. त्यांना माघार घ्यावी लागली. इब्न शनबूज उस्मानी प्रतीबाहेरचे जुने पाठ म्हणत. ९३५ मध्ये त्यांना फटके मारून कबुलीजबाब घेतला गेला. फटक्यांचा हुकूम देणारा वजीर इब्न मुकला स्वतः अरबी सुलेखनाचा मोठा उस्ताद होता. पुढे राजकारणात त्याचाच उजवा हात तोडला गेला.

या दोन खटल्यांतून कसोटी स्पष्ट दिसते. वाचन उस्मानी लिपीत बसलं पाहिजे, अरबी व्याकरणात बसलं पाहिजे आणि त्याला गुरुपरंपरेची साखळी पाहिजे. इब्न मुजाहिद यांनी नेमका सात हा आकडा धरल्यामुळे मात्र घोळ झाला. हदीसमधले सात हर्फ म्हणजेच हे सात कारी असं लोक समजू लागले. पंधराव्या शतकात इब्नुल जजरी यांनी आणखी तिघांना मान्यता देऊन दहा केले.

भाष्यकारांना, म्हणजे तफसीर लिहिणाऱ्यांना, या भेदांतून मोठं खाद्य मिळालं. तबरी (निधन ९२३) आपल्या भाष्यात वाचनं समोरासमोर ठेवून कौल देतात. ‘मालिक’ की ‘मलिक’ यात त्यांचा कल ‘मलिक’कडे आहे. पण सगळ्यात गाजलेला भेद वजूचा, म्हणजे नमाजाआधी हातपाय धुण्याचा. सूरह माइदाच्या सहाव्या आयतीत (वचनात) ‘अर्जुलकुम’ (तुमचे पाय) वाचलं तर पाय तोंड-हातांच्या यादीत जातात, म्हणजे धुवायचे. ‘अर्जुलिकुम’ वाचलं तर डोक्याच्या जोडीला येतात, म्हणजे ओला हात फिरवायचा. सुन्नी पाय धुतात, शिया हात फिरवतात. यावरून वाटेल की आचार वाचनावरून ठरला. तसं सरळ नाही. इराणमध्ये छापल्या जाणाऱ्या प्रतींतही ‘अर्जुलकुम’च असतं, आणि तिथले शिया भाष्यकार त्या वाचनातूनही आपलाच अर्थ लावतात. उलट ‘अर्जुलिकुम’ हे चामडी मोज्यांवरून हात फिरवण्याबद्दल आहे, असं अनेक सुन्नी भाष्यकार म्हणतात. माझ्या मते इथे वाचनाने अर्थ ठरवला नाही, वादाला जागा दिली.

मग आज जवळपास सगळीकडे एकच वाचन का ऐकू येतं? हे वाचन कूफ्याच्या आसिम यांचं, त्यांचे सावत्र मुलगे हफ्स (निधन ७९६) यांच्यामार्फत आलेलं. उस्मानी (ऑटोमन) तुर्कांच्या राज्यात ते पसरलं, भारतीय उपखंडातही तेच रूढ आहे. त्यावर शिक्का बसला तो छापखान्याने. १९२४ मध्ये कैरोत सरकारी देखरेखीखाली हफ्स वाचनाची प्रत छापली गेली आणि तिचा नमुना जगभर गेला. १९३४ मध्ये इजिप्तचा रेडिओ सुरू झाला तोच शेख मुहम्मद रिफअत यांच्या पठणाने. १९६१ मध्ये महमूद खलील अल-हुसरी यांच्या आवाजात पूर्ण कुरआनाचं ध्वनिमुद्रण निघालं, तेही हफ्सचंच.

मोरोक्को, अल्जीरिया आणि पश्चिम आफ्रिकेने मात्र नाफे यांचे इजिप्शियन शिष्य वर्श यांचं वाचन सोडलं नाही. लिबियात नाफे यांचेच दुसरे शिष्य कालून यांचं चालतं, सुदानच्या काही भागांत अबू अम्र यांचं. वर्शच्या छापील प्रतीत आयती ६२१४, हफ्सच्या प्रतीत ६२३६. मजकूर तोच, ओळ कुठे तोडायची एवढाच फरक. फातिहाच्या सुरुवातीची ‘बिस्मिल्लाह’ कैरोच्या प्रतीत पहिली आयत म्हणून मोजलेली असते, फेजच्या प्रतीत तिला क्रमांक नसतो. मदिनेतला सरकारी कुरआन छापखाना आज या चारही वाचनांच्या प्रती छापतो.