माइनक्राफ्टमधील तटस्थ जीव

माइनक्राफ्ट या मुक्त रचनेच्या, तग धरून राहण्याच्या संगणकीय खेळात आपण होऊन खेळाडूवर चालून न येणारे, परंतु कळ काढली असता उलटणारे जीव ‘तटस्थ’ म्हणून ओळखले जातात. स्वीडनमधील मोजांग या कंपनीच्या या खेळाची पूर्ण आवृत्ती 18 नोव्हेंबर 2011 रोजी प्रसिद्ध झाली. खेळातील सगळ्या हलत्याचालत्या जीवांना खेळाडू ‘मॉब’ म्हणतात आणि त्यांचे ढोबळमानाने तीन वर्ग पाडतात : गाय, मेंढी, कोंबडी यांसारखे निरुपद्रवी, झॉम्बी, क्रीपर यांसारखे दिसताक्षणी अंगावर येणारे, आणि या दोहोंच्या मधले तटस्थ. ‘तटस्थ’ हा शब्द मात्र काहीसा फसवा आहे. काठावर उभे राहून प्रवाहाकडे नुसते पाहणारा तो तटस्थ. या जीवांपैकी प्रत्येकाने मात्र आपल्यापुरती एक मर्यादा आखलेली असते आणि ती ओलांडली गेली की त्याचा काठ सुटतो. ही मर्यादा प्रत्येक जीवागणिक निराळी असते. लांडग्याला मार लागावा लागतो, एंडरमॅनला नजर पुरते, पिग्लिनला पेटी उघडल्याचा राग येतो, तर ध्रुवीय अस्वलाला पिल्लाच्या जवळ गेलेले खपत नाही.

कळ मोजताना खेळ हेतू पाहत नाही. मुद्दाम मारलेला घाव आणि दुसऱ्यावर नेम धरताना मध्ये आलेल्याला लागलेला बाण यांत त्याच्या लेखी फरक नसतो. जावा आवृत्तीत, म्हणजे या खेळाच्या संगणकावरील मूळ आवृत्तीत, 2016 मध्ये आलेल्या 1.9 या सुधारणेपासून तलवारीचा जोरकस वार शेजारी उभ्या असलेल्यांनाही चाटून जातो. त्यामुळे गर्दीत एका वैऱ्यावर उगारलेल्या तलवारीने बाजूच्या तटस्थ जीवाचे वैर ओढवून घेणे, हा नवख्यांच्या नेहमीच्या अनुभवाचा भाग आहे. म्हणूनच अशा गर्दीत जाणते खेळाडू तलवार म्यान करतात.

या वर्गातील सर्वांत विलक्षण जीव म्हणजे एंडरमॅन. सुमारे तीन ठोकळे उंचीचा (या खेळाचे जग सारख्या आकाराच्या ठोकळ्यांचे असते आणि अंतरही त्यांतच मोजतात), काळाकभिन्न, लांब हातापायांचा हा जीव मातीचा किंवा गवताचा एखादा ठोकळा हातात धरून रात्री माळावर भटकत असतो आणि जवळून जाणाऱ्याची दखलही घेत नाही. परंतु 64 ठोकळ्यांच्या आत असलेल्या खेळाडूने त्याच्या डोक्याकडे रोखून पाहिले, की त्याचा जबडा वासला जातो, अंग थरथरू लागते आणि कानाला बोचणारा आवाज येतो. जावा आवृत्तीत जवळून नजरेला नजर भिडलेली असेपर्यंत तो जागीच खिळून राहतो. खेळाडूने घाबरून मान वळवली की तो झेपावतो आणि बहुधा थेट पाठीमागेच प्रकट होतो, कारण क्षणात एका जागेवरून अदृश्य होऊन दुसरीकडे उमटण्याची विद्या त्याला अवगत आहे. बाण लागण्याआधीच तो जागा बदलतो, त्यामुळे धनुष्य निरुपयोगी ठरते. त्याची जीवशक्ती 40 असते, म्हणजे खेळाडूच्या दुप्पट, आणि मध्यम काठिण्यपातळीवर त्याचा एक फटका खेळाडूच्या 20 पैकी 7 गुण काढून नेतो. यावर खेळाडूंनी शोधलेले उपाय त्याच्या देहरचनेवर आणि स्वभावावरच बेतलेले आहेत. दोन ठोकळे उंचीच्या छताखाली तो मावत नाही, म्हणून तिथे उभे राहून त्याच्या पायांवर वार करता येतात. पाण्याने त्याला इजा होते, म्हणून पायाशी ओतलेली बादलीभर पाण्याची धार त्याला दूर ठेवते. डोक्यावर कोरलेला भोपळा चढवला तर नजरेचा दोष लागतच नाही, मात्र भोपळ्याच्या डोळ्यांच्या फटींतून खेळाडूलाही जग अर्धेमुर्धेच दिसते. हातही न लावता, केवळ पाहण्याने अपमान होणारा हा जीव खेळाच्या रचनाकारांच्या कल्पकतेचा उत्तम नमुना म्हणावा लागेल, कारण ज्या खेळात सगळे काही पाहण्यावर चालते, त्यात पाहणे हीच त्यांनी कुरापत ठरवली.

एंडरमॅनचे भांडण एकट्याचे असते. सामूहिक रागाचे उदाहरण म्हणजे नेदर या अग्निमय पाताळलोकात कळपाने वावरणारा झॉम्बिफाइड पिग्लिन. अर्धवट कुजलेला, हाती सोन्याची तलवार घेतलेला हा वराहमुखी जीव 2020 च्या 1.16 आवृत्तीपूर्वी ‘झॉम्बी पिगमॅन’ या नावाने ओळखला जाई. जमिनीवरच्या जगात डुकरावर वीज पडली तर त्याचेही रूपांतर याच जीवात होते. एरवी तो खेळाडूच्या अगदी अंगाला घासून निघून जातो. परंतु एकाला डिवचले की आसपासचे सगळे एकदम वळतात, त्यांचा नेहमीचा रेंगाळता चालण्याचा वेग वाढतो आणि क्षणापूर्वी रिकामी वाटणारी जागा तलवारींनी भरून जाते. मोहोळ उठणे हा मराठीतला शब्दप्रयोग या दृश्याला तंतोतंत लागू पडतो. त्यांतली पिल्ले तर मोठ्यांपेक्षाही चपळ असतात आणि ठेंगणी असल्यामुळे घाव चुकवतात. रानटी लांडग्यांचा व डॉल्फिनांचा कळपही याच रीतीने एकासाठी सगळे धावून येतो. चिडलेल्या लांडग्याचे डोळे लाल होतात, तो गुरगुरू लागतो आणि राग उतरेपर्यंत हाड टाकून त्याला माणसाळवता येत नाही.

राग किती काळ टिकतो, याचाही हिशेब आहे. नागाने धरलेला डूख आपल्याकडील लोककथांत जन्मभर, कधी जन्मोजन्मी टिकतो. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत लांडगा, मधमाशी, एंडरमॅन, झॉम्बिफाइड पिग्लिन यांच्या डुखाची मुदत 20 ते 39 सेकंदांच्या दरम्यान कुठेतरी, दर वेळी नव्याने ठरते. तेवढ्यावरून निर्धास्त होणे मात्र महागात पडते, कारण त्यांतील बहुतेकांच्या बाबतीत खेळाडू पाठलागाच्या टप्प्यात असेपर्यंत ही मुदत सरकतच नाही. निसटून जाणाऱ्यालाच क्षमा मिळते. 1.16 आवृत्तीने याला दोन नियमांची जोड दिली. पहिल्यानुसार अपराधी खेळाडू मेला की त्याच्यावरचा राग संपतो; हा नियम मुळातच चालू असतो. दुसरा मुळात बंद असतो, पण चालू केल्यास चिडलेला जीव अपराधी कोण हे न पाहता जवळ सापडेल त्या खेळाडूवर धावतो. अनेकजण एकत्र खेळत असताना हा नियम लावला, तर सुक्याबरोबर ओलेही जळते.

झॉम्बिफाइड पिग्लिनचा जिवंत भाऊबंद जो पिग्लिन, त्याची तटस्थता सशर्त आहे आणि ती शर्त सोन्याची आहे. खेळाडूच्या अंगावर शिरस्त्राण, चिलखत, विजार वा बूट यांपैकी एक तरी वस्तू सोन्याची असली तर पिग्लिन त्याला आपल्यात वावरू देतो, एवढेच नव्हे तर सोन्याच्या विटेच्या मोबदल्यात वस्तूही देतो. तो वीट हातात घेऊन काही क्षण निरखतो आणि मगच सौदा पुरा करतो. अंगावर सोने नसल्यास तो सरळ हल्ला करतो. सोने घातलेल्या खेळाडूनेही त्याच्या देखत पेटी उघडली किंवा सोन्याचा ठोकळा खणला तर सगळा सलोखा तिथेच संपतो. पेटी खेळाडूने स्वतः आणून ठेवलेली असली तरी त्याचा राग टळत नाही. त्याच्याच जातीचा ‘ब्रूट’ मात्र सोन्यालाही भुलत नाही, म्हणून तो तटस्थांत मोजला जात नाही.

मधमाशी 2019 च्या अखेरीस, 1.15 आवृत्तीत खेळात आली. तिला मारणे, तिचे पोळे फोडणे किंवा पोळ्यातील मध काढणे, यांपैकी काहीही केले की आसपासच्या माश्या लाल डोळ्यांनी पाठीस लागतात. मध्यम काठिण्यपातळीवर दंशासोबत 10 सेकंद विष चढते. दंश मात्र एकदाच करता येतो. नांगी गमावलेली माशी त्यानंतर साधारण मिनिटभरात मरते, आणि ती मरताना पाहून मध काढणाऱ्यालाच अपराधी वाटावे अशी ही योजना आहे. पोळ्यातून मध ठिबकू लागला की ते भरल्याचे समजावे. मग खाली शेकोटी पेटवून धूर वर जाऊ द्यावा आणि बाटलीने मध किंवा कातरीने मेणपोळ्या काढाव्यात; माश्या आपल्या कामात गुंग राहतात. सह्याद्रीच्या कड्याकपारींतून मध काढणारे लोकही धुराचाच आधार घेतात, त्यामुळे मराठी खेळाडूला हा एक उपाय शिकवावा लागत नाही. खेळापुरती आणखी एक पळवाट अशी, की हे काम ‘डिस्पेन्सर’ या यंत्राकडून करून घेतल्यास माश्या चिडत नाहीत. यंत्राचा अपराध कोणाच्या खात्यावर लिहावा, हे त्यांना कळत नाही.

गावांची राखण करणारा आयर्न गोलेम 100 जीवशक्तीचा असतो. त्याला मारणाऱ्यावर तो उलटतोच, पण गावकऱ्याला हात लावणाराही त्याच्या देखत सुटत नाही. लोखंडी हातांच्या एका फटक्यात तो माणसाला हवेत उडवतो. जावा आवृत्तीत गावकरी एकमेकांत खेळाडूच्या वागण्याच्या कागाळ्या पसरवत असतात आणि पत फारच घसरली तर गोलेम काही न घडताच अंगावर येतो. खेळाडूने स्वतः लोखंडाचे ठोकळे व भोपळा रचून घडवलेला गोलेम मात्र निर्मात्याने कितीही मारले तरी हात उगारत नाही.

बाकीच्यांचे राग अल्पजीवी आहेत. लामा चिडला की एकदा थुंकतो आणि विषय मिटवतो. भटक्या व्यापाऱ्यासोबतचे लामा धन्यावर हल्ला करणाऱ्यावरही थुंकतात. सामान्य पांडा एक चपराक देऊन थांबतो, आक्रमक स्वभावाचा पांडा थांबत नाही. ध्रुवीय अस्वलाचे पिल्लू स्वतः काही करत नाही. त्याच्याजवळ गेलेल्याचा समाचार मोठे अस्वल घेते. कोळ्याला या वर्गात घालावे की नाही, हा वादाचा मुद्दा आहे, कारण त्याची तटस्थता फक्त उजेडापुरती असते. दिवसा तो वाटेला गेल्याशिवाय काही करत नाही, पण पहाटेपूर्वीच मागे लागलेला कोळी सूर्य उगवला म्हणून लगेच पाठ सोडतोच असे नाही.

या चिडीचा उपयोग करून घेण्याइतके खेळाडू धूर्त झाले आहेत. नेदरच्या छताच्या वर मॅग्माच्या ठोकळ्यांचे प्रशस्त मजले बांधले जातात, तिथे झॉम्बिफाइड पिग्लिन आपोआप उपजतात. सुरक्षित जागेवरून त्यांच्यातल्या एकाला बाण मारला, की सगळा जमाव खेळाडूच्या दिशेने धावतो आणि मध्ये ठेवलेल्या पोकळीत कोसळतो. खाली सोन्याचे तुकडे गोळा होत राहतात. जावा आवृत्तीत चिडलेला झॉम्बिफाइड पिग्लिन नुसता पडून मेला तरी तो खेळाडूनेच मारला असे धरले जाते, त्यामुळे सोन्यासोबत अनुभवाचे गुणही मिळतात. अशा कारखान्यात बाण एकदाच मारावा लागतो. त्यानंतर येणाऱ्यांना आधीच चिडलेले सोबती चिडवत राहतात.