'मॉर्गेज' म्हणजे मरेपर्यंत हप्ते? नाही हो!

घरकर्जाचा विषय निघाला की कुणीतरी हमखास सांगतं, 'मॉर्गेज म्हणजे मृत्यूचा करार, कर्जदार मरेपर्यंत फेडत बसतो.' ऐकायला झकास, पण खोटं.

शब्द जुन्या फ्रेंचमधला आहे. 'मोर्त' म्हणजे मृत, 'गाज' म्हणजे तारण. इथपर्यंत बरोबर. पण मेलेलं असतं ते तारण, माणूस नव्हे.

इंग्लंडमध्ये बाराव्या शतकाच्या अखेरीस ग्लानव्हिलच्या नावावर असलेल्या कायद्याच्या ग्रंथात गहाणाचे दोन प्रकार सापडतात, जिवंत आणि मृत. समजा, १०० पौंडांपोटी जमीन गहाण टाकली आणि ती वर्षाला १० पौंड देते. जिवंत गहाणात हे १० पौंड मुद्दलातून वजा होत. दहा वर्षांत जमीन मोकळी. मृत गहाणात उत्पन्न सावकाराच्या खिशात आणि १०० पौंड जसेच्या तसे! जमीन कर्जदारासाठी काहीच करत नाही, म्हणून मृत. हे उघड व्याजच होतं. त्या काळी व्याज घेणं पाप, त्यामुळे असं गहाण बाळगून सावकार मेला तर त्याच्या मालमत्तेची व्यवस्था व्याजखोराच्या मालमत्तेसारखी लागे.

पंधराव्या शतकात लिटलटन या न्यायाधीशाने वेगळी फोड केली. १६२८ मध्ये एडवर्ड कोक या कायदेपंडिताने त्यावर भाष्य लिहिल्यावर तीच रूढ झाली. मुदतीत पैसे दिले नाहीत तर जमीन कर्जदाराच्या दृष्टीने मेली. दिले तर तारण सावकाराच्या दृष्टीने मेलं. मला पहिली फोड जास्त पटते, दुसरी थोडी वकिली वाटते. दोन्हीत कर्जदार मात्र जिवंतच.