पडताळणीचा खर्च कोणाचा? मराठी पत्रकारितेच्या डिजिटल पेचाची पार्श्वभूमी

बाळशास्त्री जांभेकरांनी ६ जानेवारी १८३२ रोजी सुरू केलेले ‘दर्पण’ १८४० मध्ये बंद पडले. बातमीचा खर्च कोणी सोसायचा, हा प्रश्न तेव्हापासून मराठी वृत्तपत्रांच्या पाठीशी आहे. विसाव्या शतकात त्याचे उत्तर जाहिरातीत सापडले. अंक छपाईच्या खर्चापेक्षाही कमी किमतीत विकायचा आणि उरलेली तूट जाहिरातींतून भरून काढायची, ही व्यवस्था इतकी रुळली की बातमीचे मोल द्यावे लागते हेच वाचकांच्या ध्यानात राहिले नाही. तालुक्याच्या वार्ताहराला तर मानधन नाममात्र. २६ जानेवारी, १५ ऑगस्ट आणि दिवाळीच्या पुरवण्यांसाठी गोळा केलेल्या जाहिरातींच्या कमिशनवरच त्याचा संसार चाले, आणि ज्याच्याकडून जाहिरात आणायची त्याच्याविरुद्ध लिहिणे त्याला अवघड जाई. म्हणजे पाया डिजिटल युगापूर्वीच कच्चा होता.

इंटरनेटवर आलेल्या पहिल्या मराठी वृत्तपत्रांचे फॉन्ट वेगवेगळे होते. ते उतरवून घेतल्याशिवाय मजकूर वाचता येत नसे आणि शोधयंत्रांना तो सापडतही नसे. युनिकोड ही सगळ्या लिप्यांसाठीची सामाईक संगणकीय अक्षरप्रणाली रुजल्यावर ही अडचण संपली, परंतु वाचकापर्यंत पोहोचण्याची वाट शोधयंत्रे व समाजमाध्यमे यांच्या हाती गेली, आणि जाहिरातींचा मोठा वाटाही तिकडेच वळला. २०१६ नंतर मोबाइल डेटा स्वस्त झाला तेव्हा गावोगावी बातमीपेक्षा आधी संदेश पोहोचू लागला.

त्याचे भयंकर रूप १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे दिसले. मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून जमावाने नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच निरपराध माणसांना ठार मारले. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात संदेश पुढे पाठवण्यावर पाच चॅटची मर्यादा जाहीर केली. तिने प्रसाराचा वेग कमी होऊ शकतो. मात्र अफवा खोटी आहे हे गावाला वेळेत सांगायला तिथला विश्वासू बातमीदारच लागतो.

केंद्र सरकारविषयीचा मजकूर खोटा आहे की नाही, हे सरकारी सत्यशोधन कक्षाने ठरवावे, अशी तरतूद २०२३ मध्ये माहिती तंत्रज्ञान नियमांत करण्यात आली. मुंबई उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२४ मध्ये ती घटनाबाह्य ठरवली, हे योग्यच झाले. त्यामुळे पडताळणीची जबाबदारी वृत्तसंस्थांकडेच राहिली आहे, आणि ती पेलण्यासाठी तालुक्याच्या वार्ताहराला जाहिरातीच्या कमिशनपासून मोकळे करणारे नियमित वेतन हवे.