कॉन्सुल म्हणजे रोमचा नवा राजा?

‘रोमने राजाला हाकललं आणि त्याच्या जागी कॉन्सुल नावाचा तहहयात सत्ताधीश बसवला’, असा मजकूर वर्षानुवर्षं फिरतो आहे. गैरसमज होणं साहजिक आहे. कॉन्सुलचा जांभळ्या काठाचा झगा, हस्तिदंती खुर्ची, पुढे चालणारे १२ दंडधारी, हा थाट राजाचाच होता.

मुदत मात्र एकच वर्ष. परंपरेनुसार इ.स.पू. ५०९ पासून दरवर्षी दोन कॉन्सुल, म्हणजे रोमचे सर्वोच्च अधिकारी, निवडले जात आणि एकाचा आदेश दुसरा अडवू शकत असे. शहरात दंडधाऱ्यांच्या हातातल्या दंडांच्या मोळीतली कुऱ्हाड काढून ठेवत, कारण तिथे नागरिकाला मृत्युदंडाविरुद्ध जनसभेकडे दाद मागता येई. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, वर्ष संपलं की त्याच कॉन्सुलवर खटला भरता येत असे.

हे पडताळायचं तर कॅपिटोलिन यादीच्या, म्हणजे रोमच्या वर्षावर्षाच्या अधिकाऱ्यांची नावं कोरलेल्या यादीच्या, संगमरवरी पाट्यांचे फोटो पाहा. रोमन लोक वर्षाला कॉन्सुलांच्याच नावाने ओळखत, त्यामुळे जोडी दरवर्षी बदललेली दिसते. इ.स.पू. ४४४ ते ३६७ दरम्यान बऱ्याच वर्षांपुढे दोनांऐवजी तीन ते सहा नावं आहेत. ते कॉन्सुलचे अधिकार असलेले लष्करी ट्रिब्यून (सेनाधिकारी), तेही वर्षभरापुरतेच.

एकहाती सत्ता संकटकाळी नेमलेल्या डिक्टेटरला मिळे, पण ती नेमलेल्या कामापुरती आणि जास्तीत जास्त सहा महिने.