कोकणचे सडे, कातळशिल्पे आणि माहितीपटांचा कॅमेरा : पार्श्वभूमी

रत्नागिरी-राजापूरकडच्या सड्यांवर, म्हणजे जांभ्या दगडाच्या उघड्या सपाट माळांवर, माहितीपट करणाऱ्यांची वर्दळ वाढली ती गेल्या दहा-बारा वर्षांत. गुराख्यांना कातळशिल्पे, म्हणजे या कातळावर खोदलेली चित्रे, आधीपासून ठाऊक होती. काही गावांत ती पांडवांनी काढली असेच सांगतात. पद्धतशीर शोध घेतला तो स्थानिक हौशी अभ्यासकांनी, २०१२च्या आसपासपासून. मग ड्रोन आला. कशेळीचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आणि त्याच्या पोटात लहानमोठे कितीतरी प्राणी कोरलेले. शेजारी उभे राहिले तर नुसत्या खाचा दिसतात. पूर्ण हत्ती एका चौकटीत मावला तो वरूनच.

खरा घोळ आहे तो वयाचा. पडद्यावर ‘बारा हजार वर्षांपूर्वी’ हे शब्द आता ठरून गेल्यासारखे येतात. पण जांभ्यावर नुसती खोदलेली रेष, तिच्यात ना रंग ना कोळसा. कार्बन पद्धत तिला थेट लावणार कशी? उरतो तो अंदाज. चित्रांत शेतीचा मागमूस नाही, म्हणून ती शिकार करून जगणाऱ्यांची असावीत. गेंडा आणि पाणघोडा आहेत, आणि हे प्राणी आज कोकणात नाहीत. सिंधुदुर्गात कोळोशीच्या गुहेत दगडी हत्यारे मिळाली, त्यामुळे इथे फार जुनी वस्ती होती हे पक्के झाले. पण हत्यारे करणारे हात आणि सड्यावर खोदणारे हात एकच होते, हे त्यातून सिद्ध होत नाही. शिवाय प्राणी, माणसे, भौमितिक नक्षी हे सगळे एकाच काळातले मानायला तरी काय आधार? राजापूरजवळच्या बारसूला दोन वाघांमध्ये उभा माणूस आहे. तो दिसला की लगेच मोहेंजोदडोच्या, अशाच दोन वाघांमधल्या माणसाच्या मुद्रेशी नाते जोडले जाते. बारा हजार वर्षे आणि सुमारे साडेचार हजार वर्षांपूर्वीची सिंधू संस्कृती, ही दोन्ही विधाने एकाच चित्राला एकदम लागू होत नाहीत. निवेदनात हा अंदाज अंदाज म्हणूनच सांगायला हवा.

२०२२ साली कोकणातली आठ आणि गोव्यातले फणसईमाळ अशी नऊ ठिकाणे युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली. बारसू त्यांतलेच एक. त्याच वर्षी नाणारहून हललेल्या रिफायनरीसाठी बारसूचे नाव पुढे आले. एप्रिल २०२३मध्ये माती परीक्षणाला विरोध करत गावकरी, त्यांत बायका मोठ्या संख्येने, सड्यावर उतरले. तेव्हापासून इथले चित्रीकरण निव्वळ पुरातत्त्वाचे राहिलेले नाही, आणि ते राहूही नये.

कारण सरकारी कागदांत सडा म्हणजे पडीक जमीन. पावसाळ्यात त्यावर पाणी साठते, रानफुले येतात, गुरे चरतात, खालच्या विहिरींना पाझर मिळतो. हापूसच्या कलमांसाठी सुरुंग लावून कातळ फोडणे आणि चिरेखाणी हे रिफायनरीच्या कितीतरी आधीपासून चालू आहे. उक्षीला तिथल्या खोदलेल्या हत्तीभोवती गडगा, म्हणजे दगडांचे कुंपण, घालून तो जपला, हे चांगलेच झाले. पण गडग्याबाहेरच्या सड्याला असे कुठलेच कुंपण नाही, आणि बहुतेक माहितीपटही गडग्याच्या आतच संपतात.